उच्चारांचा बळी? छे!

मूकपटांच्या जमान्याबद्दल लिहायची एक ठरलेली पाककृती आहे. चिमूटभर चॅप्लिन, व्हॅलेंटिनोच्या अंत्यदर्शनाला लोटलेली गर्दी, आणि मग बोलपट आल्यावर ज्यांचं दुकान बंद झालं अशा चार-पाच नट्यांची यादी. त्या यादीत विल्मा बांकी हमखास असते. तिच्या वाट्याला एकच वाक्य येतं. हंगेरीची सुंदर नटी, पण उच्चार इतके जड की बोलपटात टिकली नाही. झालं. पुढची नटी घ्या.

हे वाक्य मी इतक्या ठिकाणी, इतक्या आत्मविश्वासाने लिहिलेलं वाचलंय की आता ते डोक्यात जातं. तर मंडळी, आज जरा भांडायचंय. बाजू घ्यायचीय ती अशा बाईची, जी १९९१ साली गेली आणि जिला माझ्या बाजू घेण्याचा काडीचाही उपयोग नाही. "तुला कुणी वकीलपत्र दिलंय?" असं आत्या विचारणारच. कुणीच दिलेलं नाही गं, आत्या.

आधी मला जे मान्य आहे ते सांगून टाकते. तिचे उच्चार हंगेरियन होते आणि चांगले घसघशीत होते. हंगेरियन माणूस प्रत्येक शब्दाच्या पहिल्या अक्षरावर जोर देतो, त्याला सवयच तशी. इंग्रजीतला जोर मनाला येईल तिथे पडतो, त्यामुळे पंचाईत होते. शिवाय त्यांच्याकडे 'व' एकच. इंग्रजीतले दोन वेगळे 'व' असतात हे त्यांच्या जिभेला पटत नाही. (आपल्याही नाही. लहानपणापासून इंग्रजी शिकलेल्या दहा मराठी माणसांना 'व्हाइन' आणि 'वाइन' एकामागून एक म्हणायला लावा आणि गंमत बघा.) तेव्हा उच्चार जड होते, कबूल. माझं भांडण त्या वाक्यातल्या 'म्हणून'शी आहे. उच्चार जड, म्हणून कारकीर्द संपली. या 'म्हणून'च्या मागे इतकी माणसं लपून बसली आहेत की त्यांना एकेक करून बाहेर काढल्याशिवाय मला चैन पडायची नाही.

विल्मा मूळची कोंचिच. जन्म १९०१ चा, नॉज्दोरोग नावाच्या लहानशा गावातला. तेव्हा ते ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं. शिकून स्टेनोग्राफर व्हायचं असा बेत होता. ती वयात आली तेव्हा साम्राज्यच उरलं नव्हतं. १९१९ साली बेला कुनची कम्युनिस्ट राजवट काही महिने आली, तिने चित्रपटधंदा सरकारी करून टाकला, मग ती कोसळली आणि होर्टीच्या लोकांनी सूड उगवायला सुरुवात केली. १९२० च्या त्रियानोन तहात देशाचा दोन तृतीयांश मुलूख गेला. बुडापेस्टच्या सिनेमातली माणसं मिळेल त्या गाडीने व्हिएन्ना-बर्लिनला निघाली. मिहाय केर्तेस गेला, अलेक्झांडर कोर्दा गेला, बेला लुगोसी गेला. ही नावं लक्षात ठेवा, पुढे लागणार आहेत.

विल्मानेही त्याच वाटेने काम शोधलं. जर्मनीत पडद्यावर आली, ऑस्ट्रियात आणि हंगेरीत कामं केली. १९२४ साली व्हिएन्नात माक्स लिंडरबरोबर सर्कशीवरचा एक चित्रपट केला. माक्स लिंडर म्हणजे चॅप्लिन ज्याला गुरू मानायचा तो फ्रेंच विनोदवीर. मुद्दा असा की १९२५ साली सॅम्युअल गोल्डविन बुडापेस्टला आला आणि त्याने तिचा 'शोध लावला' असं जे म्हणतात, तेव्हा ही बाई पाच वर्षं काम करणारी, अनेक भाषांच्या सेटवर वावरलेली नटी होती. तिला कॅमेरा कुठे असतो हे कळत होतं. पण शोध लावला म्हटलं की शोध लावणारा मोठा होतो. कोलंबसाची जुनी सवय, दुसरं काय!

गोल्डविनबद्दल एक सांगायलाच हवं. हा माणूस वॉर्सातला गरीब ज्यू मुलगा, मूळ नाव श्मुएल गेल्बफिश. अमेरिकेत येऊन हातमोजे विकले, मग सिनेमे विकले. त्याचं इंग्रजी हा हॉलिवूडमधला कायमचा विनोद होता. त्याच्या नावावर खपवलेल्या चुकीच्या वाक्यांना 'गोल्डविनिझम' असं नावच पडलं (त्यातली बरीच प्रसिद्धीखात्याने तयार केलेली होती म्हणतात). म्हणजे विल्माच्या नशिबाचा निकाल ज्याच्या हातात होता, त्याचेच उच्चार सगळ्या गावात गाजलेले! त्याचा स्टुडिओ मात्र त्यामुळे बंद पडला नाही.

त्याने तिला 'हंगेरियन ऱ्हॅप्सडी' असं नाव देऊन बाजारात आणलं. पहिला चित्रपट 'द डार्क एंजल' (१९२५), नायक रोनाल्ड कोलमन. युद्धात आंधळा झालेला प्रियकर आपलं आंधळेपण प्रेयसीपासून लपवतो अशी गोष्ट. जोडी अशी जमली की दोघांनी मिळून पाच चित्रपट केले. मधेच व्हॅलेंटिनोबरोबर दोन केले, 'द ईगल' (१९२५) आणि 'द सन ऑफ द शेख' (१९२६). दुसरा व्हॅलेंटिनोचा शेवटचा. तो चित्रपट नुकताच आलेला असतानाच, ऑगस्ट १९२६ मध्ये, तो एकतिसाव्या वर्षी गेला.

'द ईगल' मी नाइल्सला पाहिला. आमच्या फ्रीमॉन्टचाच तो जुना भाग. चॅप्लिनने तिथल्या स्टुडिओत १९१५ साली काम केलं होतं, म्हणून तिथे मूकपटांचं छोटं संग्रहालय आहे आणि जुन्या थिएटरात पियानोच्या साथीने चित्रपट दाखवतात. गोष्ट पुश्किनची. व्हॅलेंटिनो रशियन अधिकारी, बुरखा घालून दरोडेखोर बनतो आणि नायिकेच्या घरात फ्रेंच शिकवणारा मास्तर म्हणून शिरतो. एक इटालियन नट, रशियन माणूस म्हणून, फ्रेंच असल्याचं सोंग करतोय, आणि समोर हंगेरियन नटी रशियन जमीनदाराची मुलगी झालीय. कुणाच्या उच्चारांचा प्रश्नच नाही. असं जग तीन-चार वर्षांत बंद होणार होतं. त्यात विल्माला मास्तरचा संशय येतो, मग खात्री पटते, मग राग आणि प्रेम एकदम चेहऱ्यावर येतात, आणि हे सगळं भुवई फारशी न हलवता. मूकपट म्हणजे हातवारे अशी ज्यांची समजूत आहे त्यांनी तिला बघावं. 'द विनिंग ऑफ बार्बरा वर्थ' (१९२६) मध्ये तिने आई आणि मुलगी दोन्ही भूमिका केल्यात. नेवाडाच्या वाळवंटात चित्रित झालेला तो चित्रपट आज लोक बघतात तो गॅरी कूपरचं पहिलं मोठं काम म्हणून. बघताना नजर मात्र विल्मावर जाते, निदान माझी तरी गेली.

२६ जून १९२७ ला तिने रॉड ला रॉक या नटाशी लग्न केलं. बेव्हर्ली हिल्सच्या चर्चमध्ये, सेसिल बी. डीमिल नवरदेवाचा पाठीराखा, खर्च गोल्डविनचा. खर्च कसला, जाहिरातच होती ती. त्याच वर्षी ऑक्टोबरात 'द जॅझ सिंगर' आला आणि पडदा बोलायला लागला.

आता इथून जरा सावकाश जाऊ, कारण इथेच ते 'म्हणून' घुसवलंय.

पहिली गोष्ट. बांकी-कोलमन जोडी बोलपटाने तोडलेली नाही. ती गोल्डविनने तोडली, 'टू लव्हर्स' (१९२८) नंतर. हिशेब सरळ होता. दोघं मिळून एक चित्रपट चालवतात, तर वेगळे केले की दोन चालतील. तिचा पुढचा चित्रपट 'द अवेकनिंग' (१९२८) नव्या नायकाबरोबर आला आणि तो मूकपटच होता. कोलमनला १९२९ साली 'बुलडॉग ड्रमंड' मिळाला, पूर्ण बोलपट, त्याच्या इंग्लिश उच्चारांना शोभेल असा बेतून शिवलेला. ऑस्करचं नामांकन मिळालं. इंग्लंडमधले उच्चारही अमेरिकेत परकेच की! पण ते परकेपण साहेबी असतं. त्याला जड म्हणत नाहीत, भारदस्त म्हणतात.

त्याच वर्षी विल्माला काय मिळालं? 'धिस इज हेवन' (१९२९). मूकपट म्हणून बेतलेला, त्यात नंतर बोलके प्रसंग घातलेले. अर्धा मुका, अर्धा बोलका. त्यात ती हंगेरीहून न्यूयॉर्कला आलेली मुलगी आहे, एका हॉटेलच्या काचेमागे उभी राहून पॅनकेक भाजणारी. म्हणजे उच्चार भूमिकेतच होते! हंगेरियन मुलीने हंगेरियन उच्चारात बोलायचं. यात बिघडायला काय होतं? चित्रपट चालला नाही हे खरं. पण १९२९ साली असे अर्धवट बोलके चित्रपट प्रेक्षकांच्या दृष्टीने शिळे झाले होते. ज्यांना बोलपट हवा होता त्यांना पूर्ण बोलपट बाजूच्या थिएटरात मिळत होता. अमेरिकन नायक होता, पटकथा होती, दिग्दर्शक होता, उशीर होता. आपटल्याचं खापर मात्र एकट्या बाईच्या जिभेवर.

दुसरी गोष्ट माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची आहे. १९३० च्या सुरुवातीला एमजीएम या एकाच कंपनीचे दोन चित्रपट थोड्या अंतराने आले. एक 'ॲना ख्रिस्ती', गार्बोचा पहिला बोलपट. दुसरा 'अ लेडी टु लव्ह', विल्माचा पहिला पूर्ण बोलपट. दोन्ही गाजलेल्या नाटकांवरून. दोन्हींची इंग्रजी आणि जर्मन अशी दोन रूपं काढली आणि दोन्ही बायका दोन्ही भाषांत बोलल्या. 'गार्बो बोलते!' ही जाहिरात तर सिनेमाच्या इतिहासात जाऊन बसली. एमजीएमने तिला जपून, योग्य भूमिकेची वाट बघत मूकपटांत ठेवलं होतं, आणि मग उच्चारांचाच उत्सव केला. विल्मा एमजीएमची नव्हतीच. तिच्यासाठी वाट बघणारं त्या इमारतीत कुणी नव्हतं.

बरं, 'अ लेडी टु लव्ह'ची गोष्ट काय, तर नापा खोऱ्यातला द्राक्षबागायतदार प्रौढ इटालियन टोनी सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका वेट्रेसला पत्राने मागणी घालतो आणि फोटो मात्र आपल्या तरुण मुकादमाचा पाठवतो. टोनी होता एडवर्ड जी. रॉबिन्सन. बुखारेस्टमध्ये जन्मलेला हा नट इथे इटालियन उच्चारांचं सोंग करत होता. दिग्दर्शक व्हिक्टर श्योस्ट्रॉम, स्वीडनचा. म्हणजे रुमानियात जन्मलेला माणूस स्वीडिश माणसाच्या हाताखाली खोटे इटालियन उच्चार करतो, तो अभिनय. हंगेरियन बाई स्वतःच्या खऱ्या उच्चारात बोलते, तो दोष!

तिसरी गोष्ट कुणी सांगतच नाही. यानंतर ती नवऱ्याबरोबर अनिता लूस आणि जॉन इमर्सनचं 'चेरीज आर राइप' हे नाटक घेऊन दौऱ्यावर गेली. नाटक! जिवंत प्रेक्षकांसमोर, रोज, इंग्रजीत. ज्या बाईला बोलता येत नव्हतं म्हणतात ती मुक्कामामागून मुक्काम बोलत होती. आणि १९३२ साली लुईस ट्रेंकरचा 'द रिबेल', टिरोलच्या डोंगरातला, नेपोलियनच्या सैन्याविरुद्धच्या बंडाचा. त्याच्या जर्मन आवृत्तीत नायिका वेगळी आहे, लुईझ उलरिच. विल्माला घेतलं ते इंग्रजी आवृत्तीसाठी. पुन्हा वाचा, इंग्रजी आवृत्तीसाठी. तो तिचा शेवटचा चित्रपट ठरला.

आता ती मघाची नावं. मिहाय केर्तेस हॉलिवूडमध्ये मायकेल कर्टिझ झाला. त्याच्या मोडक्या इंग्रजीचे किस्से इतके की डेव्हिड निव्हेनने आपल्या आठवणींच्या पुस्तकाला कर्टिझच्याच एका फसलेल्या वाक्याचं नाव दिलं. बेला लुगोसी १९३१ साली ड्रॅक्युला झाला. त्याच्या हंगेरियन उच्चारांनी तर ड्रॅक्युलाचा आवाज कायमचा ठरवून टाकला. आजही पोरं हॅलोवीनला त्याचीच नक्कल करतात. पॉल लुकासही बुडापेस्टचाच. त्याने 'टू लव्हर्स'मध्ये विल्माबरोबरच काम केलं होतं, नायिका ती आणि हा दुय्यम भूमिकेत. २ मार्च १९४४ च्या रात्री लुकासला सर्वोत्तम अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं ('वॉच ऑन द ऱ्हाइन'), आणि त्याच रात्री कर्टिझला 'कासाब्लांका'साठी दिग्दर्शनाचं. बुडापेस्टचे दोन उच्चार, एका रात्रीत दोन ऑस्कर. 'कासाब्लांका'त पीटर लॉरे आणि साकाल हे आणखी दोघे जुन्या हंगेरीतले होतेच. अख्खा चित्रपट परक्या उच्चारांवर उभा आहे.

यावर कुणी म्हणेल, ते दहा-पंधरा वर्षांनंतरचं, तोवर ध्वनियंत्रं सुधारली, प्रेक्षकांचे कान तयार झाले. थोडं खरं आहे. पण लुगोसी १९३१ चा आहे. आणि लुकास मधली सगळी वर्षं काम करतच होता, परकी माणसं, उमराव, डॉक्टर, खलनायक, मिळेल ते. पुरुषाच्या परक्या उच्चाराला पडद्यावर धंदे होते. तो हेर होऊ शकत होता, प्रोफेसर होऊ शकत होता, भूत होऊ शकत होता. नायिकेला मात्र नायकाची शेजारीण व्हायचं असतं, आणि शेजारणीने शेजारच्यासारखं बोलायचं असतं.

हे मी इतक्या तावातावाने का लिहितेय ते सांगायला हरकत नाही. एका जुन्या नोकरीत, सहा महिने खपून केलेल्या कामाचं सादरीकरण ऐन वेळी माझ्याकडून काढून घेतलं. "काम उत्तमच आहे, पण ग्राहकाला तुझं बोलणं समजायला जड जाईल." दिलं कुणाला? एका फ्रेंच सहकाऱ्याला. त्याचं इंग्रजी ऐकून मीच दोनदा "काय म्हणालास?" विचारलं होतं. पण ते सगळ्यांना गोड वाटायचं. तेव्हापासून कुणी उच्चारांचं कारण पुढे केलं की मी आधी बघते, निर्णय कुणी घेतला आणि फायदा कुणाचा झाला. उच्चार हे कारण फार सोयीचं असतं. ते ज्याच्या तोंडात असतं त्याचाच दोष ठरतो. सांगणारा हात झटकून मोकळा.

गोल्डविननेही झटकले. आणि मग काय केलं? दोन-तीन वर्षांत सोव्हिएत रशियातून जर्मनीत आलेली ॲना स्टेन ही नटी शोधली (पुन्हा शोध!), तिला अमेरिकेत आणून इंग्रजी शिकवायला मास्तर ठेवले, जाहिरातींवर पाण्यासारखा पैसा ओतला. 'नाना' (१९३४) पडला, पुढचे दोनही चालले नाहीत, आणि लोक तिला 'गोल्डविनचा मूर्खपणा' म्हणू लागले. परके उच्चार चालत नाहीत हा धडा विल्माकडून मिळाला होता म्हणता, मग या माणसाने लगेच तोच उद्योग पुन्हा का केला? कारण तसा धडा कुणाला मिळालाच नव्हता. विल्माची किंमत वसूल झाली होती, आता नवीन चेहरा हवा होता, इतकंच.

आणि १९३५ साली त्याने 'द डार्क एंजल' पुन्हा काढला, बोलपट म्हणून. विल्माची भूमिका दिली मर्ल ओबेरॉनला. आता आपल्या लोकांनी कान टवकारा, कारण मर्ल ओबेरॉन मुंबईत जन्मलेली! १९११ साली, अँग्लो-इंडियन घरात. तिला इंग्लंडमध्ये पुढे आणणारा कोण, तर अलेक्झांडर कोर्दा, आपल्या यादीतला तिसरा बुडापेस्टवाला. या भूमिकेसाठी तिला ऑस्करचं नामांकन मिळालं. तिचं इंग्रजी एकदम घासूनपुसून, हिंदुस्थानचा मागमूस नाही. जन्म टास्मानियातला असं ती जन्मभर सांगत राहिली. खरं काय ते ती गेल्यानंतर, १९८३ सालच्या चरित्रातून जगापुढे आलं. उच्चार 'बरोबर' असण्याची किंमत ही होती. विल्माने ती भरली नाही. ती शेवटपर्यंत हंगेरियन बाईसारखीच बोलली.

एक मुद्दा राहिला, आणि तो विल्माच्या स्वतःच्या तोंडचा आहे. १९२८ सालीच, म्हणजे तिने पडद्यावर एक शब्दही बोलायच्या आधी, ती सांगू लागली होती की काही वर्षांत काम थांबवून मला रॉडबरोबर संसार करायचाय. हे छापून आलेलं आहे. पण ते कुणी हिशेबात धरत नाही. मला स्वतःला हा निर्णय फारसा रुचत नाही, खोटं कशाला बोलू. इतकी चांगली नटी, तिने आणखी वीस वर्षं काम करायला हवं होतं असं मला वाटतं. पण निर्णय तिचा होता. एखादा पुरुष नट तिशीत पैसे गाठीला बांधून निघून गेला असता तर त्याला आपण शहाणा म्हटलं असतं. बाई निघून गेली की तिला कुणीतरी हाकललं असलंच पाहिजे, निदान तिच्या घशाने तरी!

पुढे काय झालं? दोघांनी जमिनी-घरं विकायचा व्यवसाय केला, तो चांगला चालला. ती गोल्फ खेळायची, म्हातारपणापर्यंत. लग्न टिकलं, १९६९ साली रॉड गेला तोपर्यंत. त्या जाहिरातबाज लग्नाकडून कुणी ही अपेक्षा केली असेल असं वाटत नाही :) १९८१ साली तिने दोघांच्या नावाने शिक्षणासाठी निधी काढला. बोलपटाने चिरडलेल्या नटीची शोकांतिका ज्यांना हवी असते ते इथवर वाचत नाहीत, त्यांची गोष्ट १९३० सालीच संपते.

एक दुःखाची गोष्ट मात्र आहे आणि ती मी लपवणार नाही. १८ मार्च १९९१ ला ती गेली, आणि जगाला कळलं ते पुढच्या वर्षी. शेवटच्या आजारपणात कुणी भेटायला आलं नाही याचा तिला इतका राग आला होता की गेल्याची बातमी द्यायची नाही असं तिने वकिलाला बजावून ठेवलं होतं, असं सांगतात. अस्थी समुद्रात सोडल्या. बातमी आली तेव्हा मृत्युलेख आले, आणि त्यानंतर आजवर जिथे जिथे तिच्याबद्दल लिहिलं जातं तिथे तेच आपलं वाक्य, हंगेरीची सुंदर नटी, पण उच्चार...

ज्यांना बघायचंय त्यांच्यासाठी: 'द ईगल' नेटवर सहज मिळतो, त्यापासून सुरुवात करा. मग 'बार्बरा वर्थ'. त्यातला शेवटचा पूर मोठ्या पडद्यावर बघायला मिळाला तर उत्तमच. 'सन ऑफ द शेख'ची गोष्ट आज पचायला कठीण आहे, नायक नायिकेशी जे वागतो ते बघवत नाही, तेव्हा तो तिच्यासाठी बघा, गोष्टीसाठी नको. 'द अवेकनिंग' हरवला. आणि 'द डार्क एंजल', ज्याने तिला रातोरात तारका केलं, तोही हरवला, एकही प्रत उरलेली नाही. मर्ल ओबेरॉनचा आहे.